नवसाची कुबडी

मित्रांनो, सिसिलीतल्या आमच्या गावच्या चर्चमध्ये, उजव्या भिंतीवर, नवसाच्या चांदीच्या हातापायांच्या गर्दीत एक काळपट कुबडी टांगलेली आहे. ती मी. मी आता फार थकले आहे. तरी माझी हकिकत तुम्हाला सांगते.

नूंत्सिओ सुताराने अक्रोडाच्या लाकडातून मला आपल्या बायकोसाठी घडवलं. काखेत रुतू नये म्हणून वर मऊ चामडं शिवलं. त्याची बायको तिंदारा बेकरीत उभी राहून पावाचं पीठ मळायची. एका सकाळी रस्ता ओलांडताना दुधाच्या गाडीने तिला उडवलं. डावा पाय कापावा लागेल, असं डॉक्टर म्हणाले. तेव्हा ती मरियम मातेला नवस बोलली, "माते, पाय राहू दे. तुझ्या पुढच्या उत्सवाला माझी कुबडी तुझ्या भिंतीवर टांगीन."

पाय राहिला. राहिला म्हणजे अंगाला चिकटून राहिला, एवढंच. गुडघा काही वाकेना. वर्षभर मी तिला चालवलं. चढावर तिचं सगळं वजन माझ्यावर यायचं, पण मला तिचा कधी कंटाळा आला नाही.

उत्सव तोंडावर आला तेव्हा नूंत्सिओ म्हणाला, "अगं, हिच्याशिवाय तुला दोन पावलं टाकता येत नाहीत. पुढच्या वर्षी टांगू की!"

"मातेला पुढची तारीख देतोस? तू काय कोर्ट आहेस?"

तिने मला टांगलंच. चर्चचा म्हातारा सेवक बास्तियानो याने माझ्या गळ्यात चिठ्ठी बांधली, 'मातेच्या कृपेने पूर्ण बरी झाले.' खाली तिचं नाव आणि तारीख. चाळीस वर्षं तो सगळ्यांना हेच वाक्य लिहून देत आला होता. लोकांनी टाळ्या वाजवल्या, मला हात लावून कपाळाला लावला. तिंदारा मात्र नवऱ्याच्या खांद्यावर भार टाकून घरी गेली. पुढच्या आठवड्यात तिने दवाखान्यातून ॲल्युमिनियमची कुबडी आणली.

दुधाच्या गाडीच्या विमा कंपनीवर तिने लावलेला नुकसानभरपाईचा दावा चालूच होता. बेकरीत उभं राहणं आता जन्मात जमणार नव्हतं, म्हणून तिला त्या भरपाईचाच आधार होता. तारखांवर तारखा पडत होत्या. एका शुक्रवारी ती माझ्याखालच्या बाकावर बसली असताना कॅमेरा घेतलेला एक गृहस्थ आला.

"बाई, तुमची कुबडी जरा बाजूला घेता का? फोटोत येतेय."

"घेते की," म्हणत तिने ती बाकाखाली सरकवली. त्याने माझी चिठ्ठी आणि खाली बसलेली ती, असा एकत्र फोटो काढला. तो विमा कंपनीचा माणूस आहे, हे तिला काय ठाऊक! मी वरून सगळं पाहत होते. ओरडावंसं वाटलं, पण लाकडाला कुठलं तोंड?

ती पूर्ण बरी आहे, असा दावा करत कंपनीने तो फोटो कोर्टात दिला आणि पुरावा म्हणून मलाच तिथे नेलं. न्यायाधीशबाईंनी माझी चिठ्ठी वाचली.

"पूर्ण बरी झाले, असं लिहिलंय. हे खरं आहे का?"

"नाही म्हणा," तिचे वकील बेल्लोमो कुजबुजले. "एवढा एकच शब्द!"

नव्या कुबडीवर रेलून उभ्या असलेल्या तिंदाराने माझ्याकडे पाहिलं.

"बाई, माझा पाय कापणार होते. तो मातेने राखला. तिची कृपा झाली नाही, असं माझ्या तोंडून येणार नाही."

बेल्लोमोंनी डोक्याला हात लावला. शेवटी कंपनी देईल तेवढ्यावर तडजोड झाली. दवाखान्याचा खर्च तेवढा निघाला. जन्मभराच्या लंगडेपणाचं काहीच मिळालं नाही. बाहेर आल्यावर नूंत्सिओ माझी चिठ्ठी फाडायला निघाला. तिने त्याचा हात धरला.

"राहू दे. मातेला वाटेल, मी तक्रार करतेय."

तेव्हापासून मी पुन्हा याच खिळ्यावर आहे. माझं चामडं सुकलं, लाकूड किडलं. मित्रांनो, माझ्यासाठी मला काही मागायचं नाही. पण माणसाचं दुखणं भिंतीवरच्या चिठ्ठीत शोधू नका. तो दारातून आत कसा येतो, ते बघा. त्याला बसायला जागा द्या.

अजूनही दर शुक्रवारी तिंदारा येते. एका हाताने कुबडी सावरत दुसऱ्या हाताने माझी धूळ पुसते आणि विचारते, "दमलीस का गं?"

इतक्या वर्षांत कोर्टात तिला हे कुणीच विचारलं नाही.