न दिसणारा सांधा

मित्रांनो, मी एक जुनं जोडयंत्र आहे. तुटलेली फिल्म माझ्या दात्यांत बसवायची, टोकं खरवडायची, गोंदाचा थेंब लावून दाबायचं आणि दहा अंक मोजायचे. एवढंच माझं काम.

थिएटरच्या ऑपरेटरने मला तीस वर्षं पुसलं. "सांधा असा हवा, की फिल्मलासुद्धा कळू नये," असं तो म्हणायचा. फिल्म तुटली की खाली शिट्ट्या, जोडली की टाळ्या. त्या टाळ्या मी माझ्याच समजत असे.

मग घरोघरी टीव्ही आला, खुर्च्या ओस पडल्या. आठ दिवसांत, एकाच बंगल्यात, एकाच पलंगावर उरकलेले सिनेमे येऊ लागले. रिळं सेन्सॉरने पाहिलेली. सोबत वेगळ्या डब्यात कुणीच न पाहिलेला, उघड्या अंगांचा 'तुकडा'. तो जोडायचा मी. गर्दी परतली. मालकाने दर्शनी भिंतीला रंग दिला.

— कात्री —

एका सकाळी, सिनेमात नर्स झालेली नटी जिना चढून ऑपरेटरकडे आली.

"दादा, चेहरा माझा आहे. पुढचं ते अंग माझं नाही. त्या पलंगाला मी शिवलेसुद्धा नाही."

"ठाऊक आहे, ताई. मीच जोडतो."

"नवऱ्याला पटत नाही. म्हणतो, मुलगी माझ्याकडे राहील, तू तुझं बघ."

"तुकडा काढला तर लोक खुर्च्या फोडतील."

"काढू नका. सांधा तेवढा वाकडा करा. पडद्यावर झटका बसू दे, जोड दिसू दे. दुपारी त्याला घेऊन येते."

तो हसला. "वाईट काम करा, असं सांगणाऱ्या तुम्हीच पहिल्या. करतो."

— सांधा —

दुपारी त्याने जुना सांधा सोडवला, फिल्म माझ्यावर ठेवली. माझे दाते भोकांत नेमके बसले आणि त्याची बोटं सवयीने चालू लागली. खरवडलं. थेंब. दाबलं. आठ, नऊ, दहा.

"अरे देवा!"

सांधा नेहमीसारखाच सरळ बसला होता, आणि मध्यंतर संपल्याची घंटा वाजली होती.

पडद्यावर तिचा चेहरा वळला आणि

(हा तुकडा मी सांगणार नाही.)

झटका बसला नाही. ऑपरेटरने झरोक्यातून खाली पाहिलं. नवरा उठून निघाला होता. ती मात्र पडद्याकडे पाठ करून आमच्या झरोक्याकडे बघत होती.

मित्रांनो, आता मी अडगळीत आहे. मला तेल देऊ नका. गंज चढू द्या. फक्त, कुणाच्या चेहऱ्यानंतर काही दाखवलं, तर लगेच खरं मानू नका. मध्ये सांधा असतो.

तो लपवायला मी शिकलो होतो.