ओली तक्तपोशी

पोटचा गोळा द्यायचा आणि वर त्यासाठी घर सजवायचं! मंदाकिनीबाईंच्या नशिबी तेही आलं. नवऱ्यानं, यज्ञेश्वरपंतांनी, धाकट्या श्रीधरला आपल्या निपुत्रिक थोरल्या भावाला दत्तक द्यायचा शब्द दिला होता. बाई रडल्या, पाया पडल्या. पण बायकोचं ऐकतील ते पंत कसले! दत्तकविधानाला भावाकडची वाईची मंडळी माडीवर बसणार, म्हणून त्यांनी माडीच्या सागवानी तक्तपोशीला, पायाखालच्या फळ्यांना, तेल द्यायला दत्तोबा सुताराला बोलावलं.

दत्तोबानं राळ घालून कढवलेलं जवसाचं तेल आणलं. "बाईसाहेब, हे वाळेपर्यंत वर कुणी फिरकू नका. ओल्यात उमटलेलं पाऊल एकदा वाळलं की जन्मात जात नाही."

बाईंनी तेवढंच धरलं, वाळेपर्यंत. पौष तोंडावर आला होता. हा मुहूर्त टळला तर निदान महिनाभर पोर आपलं. बुडत्याला काडीचा आधार, दुसरं काय! दत्तोबा जेवायला गेला, तशी त्यांनी त्याच्या मडक्यात घरचं तिळाचं तेल ओतलं. तिळाचं तेल कधी वाळलंय का?

मुहूर्ताच्या दिवशी फळ्या ओल्याच. "असं कधी झालं नाही हो!" दत्तोबा कपाळ बडवत होता. बाईंच्या जिवात जीव आला. तेवढ्यात थोरले दीर आले, जिन्यातूनच वर डोकावले आणि म्हणाले, "मुलगा न्यायला आलोय, माडी नव्हे. चौकात मांडा पाट."

झालं! संपलं सगळं.

पाटावर बसवताना श्रीधर निसटला. धावत माडीवर गेला, ओल्या फळ्यांवरून थेट खिडकीशी, आणि गज धरून किंचाळला, "आई, मी नाही जाणार!" पंतांनी त्याला ओढून खाली आणलं. दुपारी मेणा वाईच्या वाटेला लागला.

बाई वर गेल्या. जिन्यापासून खिडकीपर्यंत, पंतांच्या मोठ्या पावलांशेजारी, इवली इवली पावलं उमटली होती. दत्तोबा भुसा घेऊन ती पुसायला वाकत होता.

"हात लावशील तर बघ!" बाई त्याच्या अंगावर धावल्या. "वाळू दे ती. जन्मात जात नाहीत म्हणालास ना?"

"जवसाचं असतं तर राहिली असती, बाईसाहेब. ह्यात काय पडलंय, देव जाणे."

खिडकीजवळच्या पावलाची बोटं बुजलीसुद्धा होती.

"मीच, मीच मेलीनं ओतलं!" असं म्हणत बाई गुडघ्यांवर बसल्या, आणि टाचेकडे सरकणारं तेल पदरानं टिपू लागल्या.