ठोक्याच्या आधी

आमच्या घरात एकही ड्रम नाही आणि पोट भरतो ते ड्रमच्या आवाजांवर. कॉम्प्युटरवर संगीत करणारे लोक एकेक सुटा ठोका विकत घेतात आणि हवा तसा ताल जोडतात. साध्या ड्रमच्या ठोक्यांना आता कुणी विचारत नाही, म्हणून माझा नवरा मायक्रोफोन घेऊन पिंपं, शटर, लोखंडी जिने बडवत हिंडायचा. शेजारी त्याला वेडा समजत, आणि त्यांचं फारसं चुकत नव्हतं.

गेल्या वर्षी त्याच्या डोक्यात पत्रा दाबायच्या प्रेसचं खूळ शिरलं. कारखान्याच्या मालकाला गळ घालून त्याने रेकॉर्डिंगसाठी जेवणाच्या सुट्टीची वेळ मागून घेतली. बाकीची यंत्रं बंद, माणसं बाहेर. आत फक्त प्रेसवरचे दोघे भाऊ. धाकटा पत्रा सरकवायचा, थोरले घंटा वाजवून हँडल ओढायचे. घंटा ऐकली की धाकट्याने हात काढून घ्यायचे, अशी त्यांची वर्षानुवर्षांची रीत होती.

ती घंटाच आम्हाला नको होती. वाजवू नका म्हणण्याइतके आम्ही मूर्ख नव्हतो, म्हणून मी रेकॉर्डरच तसा लावला. दणका झाला की त्याने जागं व्हायचं, आवाज विरला की झोपायचं. घंटेसारखे लहान आवाज त्याच्या खिजगणतीत नव्हते. सुरुवातीचे काही ठोके मी आत उभं राहून बघितले, मग आमची चुळबुळ नको म्हणून आम्ही दोघं बाहेर गाडीत जाऊन बसलो. तिथे नुसते दणके ऐकू येत होते. एका दणक्यानंतर थोरल्यांची हाक आली. तशी हाक मी कधी ऐकली नव्हती.

धाकटा दवाखान्यापर्यंतसुद्धा पोचला नाही. नवऱ्याने त्या दिवसापासून मायक्रोफोनला हात लावलेला नाही, आणि ते ठोके तसेच पडून राहिले.

परवा थोरले आमच्या दारात उभे. शर्ट दुसऱ्या कुणाचा घातल्यासारखा अंगावर लोंबत होता. पाणीही न घेता त्यांनी विषयाला हात घातला. धाकट्याच्या बायकोने इतक्या महिन्यांत त्यांना एकच विचारलं होतं, दादा, घंटा वाजवली होती ना? आणि त्यांना ते आठवत नव्हतं. घराबाहेर पडल्यावर कुलूप लावलं की नाही हे आपल्याला आठवत नाही, तसं. हात इतके सरावलेले की डोक्याला खबरच नसायची. मालक म्हणाला वाजवली असणारच, पोलिसांनीही तेच लिहून घेतलं. त्यांच्या जिवाला मात्र ते पटेना.

"ताई, तुमच्या यंत्रात असेल," ते म्हणाले. "जे असेल ते ऐकू द्या."

नसेल हो, आमचं यंत्र तसं लावलेलं नव्हतं, असं मी परोपरीने सांगितलं. ते हटेनात. नवरा उठून आतल्या खोलीत गेला. मी शेवटचा ठोका लावला आणि हाकेच्या आधी थांबवला. नुसता दणका. त्याच्या आधी काही नाही, कारण त्याच्या आधी यंत्र जागंच नव्हतं.

"नाही वाजली," थोरले म्हणाले.

त्यांना पटावं म्हणून मी पहिला ठोका लावला, सगळं सुखरूप होतं तेव्हाचा. त्यातही घंटा नव्हती. मग त्याच्या पुढचा, मग मधलाच एक. बघा, कशातच नाही, म्हणजे यंत्राला ती ऐकूच येत नव्हती, असं मी म्हणाले. मला वाटलं, आता तरी त्यांना उमजेल.

ते स्वतःच्या हातांकडे बघत बसले.

"म्हणजे मी कधीच वाजवत नव्हतो. आणि तो माझ्या भरवशावर हात घालत होता."

ते उठले. मी जिन्यापर्यंत त्यांच्यामागे बडबडत गेले. मी आत होते तेव्हा घंटा माझ्या कानांनी ऐकली होती, हे शपथेवर सांगितलं. माझी मलाच चीड आली होती, रडू येत होतं.

"आणि शेवटची?" त्यांनी विचारलं. "ती ऐकलीत?"

खोटं बोलायला हवं होतं. तेवढंही मला वेळेवर सुचलं नाही.

त्यांनी समजल्यासारखी मान डोलावली आणि कठडा धरून एकेक पायरी उतरू लागले.

"तिला सांगून टाकतो," ते म्हणाले. "तिची वाट बघणं तरी संपेल."