सव्वीस मालक

पूल कोसळला तेव्हा सरकारने तीन मृत सांगितले. आत्याच्या पेपरने एकोणीस नावं छापली, पत्त्यांसकट. आत्या म्हणजे पेपरची मालकीण. संपादक तिचा सख्खा भाचा, म्हणून सगळा छापखाना तिला आत्याच म्हणायचा.

तिसऱ्या दिवशी माहिती खात्याचे साहेब माफीनामा टाइप करूनच आले. "यादी खोटी होती, एवढंच लिहिलंय. मालकांची सही हवी. नाहीतर छापखान्याला सील."

"बसा ना," आत्या म्हणाली. "पण माझ्या एकटीच्या सहीने भागायचं नाही. शेजारच्या शहरातला पेपरवाला एका सहीत गप्प झाला, तेव्हाच मी पेपर छापखान्यातल्या सगळ्यांच्या नावावर केला. आम्ही सव्वीस मालक आहोत."

साहेबांनी कागदपत्रं उलटीपालटी केली. चोख होती. "मग बोलवा सगळ्यांना!"

"कामात आहेत हो. तुम्हीच फिरा."

साहेब फिरले. मुद्रितशोधकाने माफीनाम्यात लाल पेनाने सात चुका काढल्या आणि "शुद्ध करून आणा" म्हणून परत दिला. मशीनमनला ऐकूच येईना. मशीन बंद केलं तरी येईना.

झाडलोट करणाऱ्या बाईंनी हात पुसले. "मला वाचता येत नाही. काय लिहिलंय?"

"ती एकोणीस माणसं मेली, हे खोटं आहे."

"त्यात नववा माझा दीर आहे. खोटं असेल तर तो घरी कधी येईल, तेवढं सांगा. जाऊबाई विचारतील."

साहेबांनी कागदाची घडी घातली आणि ते निघून गेले.

दुपारी सील लागलंच. पोलिसांनी आत्याला नेलं. ती चौकीत पोचते न पोचते तोच मागून पंचवीस मालक हजर! "आम्हालाही आत घ्या. गुन्हा सगळ्यांचा आहे."

कोठडी होती आठ जणांची. फौजदाराने कपाळाला हात लावला. वर फोन केले, तर वरून कुणी धड उत्तर देईना. शेवटी "चौकशी चालू राहील" असं दरडावून त्याने संध्याकाळी सगळ्यांना घरी पिटाळलं.

छापखान्याचं कुलूप मात्र दोन महिने निघालं नाही. तोवर पेपर आत्याच्या स्वयंपाकघरातून निघाला, हाताने फिरवायच्या जुन्या यंत्रावर, एकाच पानाचा. ओट्यावर शाई, डब्यांवर शाई.

"आत्या, अक्षरं पुसट येतायत," भाचा कुरकुरला.

"येऊ देत. लोक चष्मा लावतील. तू बातमी आण."