भाईंचा चेहरा आणि तापीकाठचे कावळे

भूपेश पावरा आमच्या कॉलेजात मानसशास्त्र शिकवायचा, तासिका तत्त्वावर. म्हणजे तास घेतला तर प्राध्यापक, नाही घेतला तर पाहुणा. मूळचा धडगावकडचा. त्याला कायम करायचं की नाही, हे संस्थेचे अध्यक्ष रतिलालभाई ठरवणार होते, आणि भाई कुठलीही गोष्ट पुढच्या निवडणुकीनंतरच ठरवत. मी अर्थशास्त्राचा, कायम झालेला. त्यामुळे सल्ला देण्याचं काम माझ्याकडे असे.

एके सकाळी तो स्टाफरूममध्ये जवळपास पळतच आला.

"सर, कावळा माणसाचा चेहरा लक्षात ठेवतो!"

"माझ्या सासऱ्यांनाही जमतं ते," मी म्हणालो.

"सासऱ्यांना जाळ्यात धरलंय का तुम्ही कधी? धरून सोडून दिलं, तर ते चार घरी जाऊन सांगतील की नाही? कावळा सांगतो का, ते मला बघायचंय!"

बेत साधा होता. एक मुखवटा घालून काही कावळे जाळ्यात धरायचे, पायात रंगीत कडी अडकवायची, इजा न करता सोडून द्यायचे. मग तोच मुखवटा वेगवेगळ्या माणसांना घालून झाडाखालून फिरवायचं. कावळे ओरडले, तर त्यांना कपडे नाही, चाल नाही, चेहराच आठवतो. आणि ज्यांना कधी धरलंच नव्हतं तेही ओरडले, तर ते दुसऱ्याचं बघून शिकले. विंचू न चावताही माणसाचं पोर आईचं तोंड बघून विंचवाला भ्यायला शिकतं, तसंच.

वनखात्याची परवानगी त्याने आणली. मुखवटा आणायचा राहिला. तो आमच्या जिमखान्यात सापडला. जिमखान्यात कॅरम नव्हता, पण भाई पोतंभर होते. मागच्या निवडणुकीत भाईंनी सुरतेहून स्वतःच्या चेहऱ्याचे पुठ्ठ्याचे मुखवटे मागवले होते. भरघोस मिशी, हसरे डोळे, मागे रबर. लोकांनी प्रचारात भाईंचे चेहरे लावले आणि मत विरोधातल्या नवनीतभाईंना दिलं.

"अरे, अध्यक्षांचा चेहरा आहे हा," मी म्हणालो.

"हो ना सर! कुठल्याही डोक्याला बसतो."

तुलनेसाठी दुसरा मुखवटा हवा होता. तो त्याने न्हाव्याच्या दुकानातून आणला, नवनीतभाईंचा. तो घालून कुणाला धरायचं नाही, नुसतं हिंडायचं.

फेब्रुवारीत, कावळे घरट्याला लागायच्या आधी, भूपेशने भाईंच्या चेहऱ्याने जाळं टाकलं. त्यानंतर कॉलेजात अभ्यासक्रम सोडून सगळं काही होऊ लागलं. गोकुळ शिपाई भाई होऊन निंबाखालून गेला, तर झाड अंगावर येतं की काय असा कालवा. एसवायची मयूरी भाई होऊन गेली, तिच्या वेणीला चोच लागली. तीच मयूरी नवनीतभाई होऊन गेली, तर झाडावर शांतता, एक कावळा तर डुलक्या घेत होता. जून संपेपर्यंत गावातले बिनकड्याचे कावळेही भाईंना ओळखू लागले. भूपेशला झोप लागेना. "सर, एकमेकांकडून शिकतायत ते!" हे वाक्य त्याने मला इतक्यांदा ऐकवलं की माझ्या बायकोलाही पाठ झालं.

खुद्द भाईंना यातलं काही माहीत नव्हतं. ते गावात यायचे ते गाडीच्या काळ्या काचेआडून, आणि काचेआडच्या माणसाला मतदार ओळखत नाहीत तर कावळे काय ओळखणार.

पावसाळा सरता सरता भाईंची आई, जमनामाय, वारली. मोठी मायाळू बाई. दहाव्याला अख्खा तालुका तापीच्या घाटावर लोटला. घाट कॉलेजच्या मागेच, त्याच निंबाखाली. नवनीतभाई पांढऱ्या कपड्यांत पुढे बसलेले, चेहऱ्यावर शोक, डोळ्यांत मतदारयादी.

मी भूपेशला शोधून बाजूला घेतलं. "तुझे कावळे इथले की कुठले?"

"इथलेच," तो म्हणाला, आणि त्याचा चेहरा उतरला. "सर, माझं पद गेलं."

"थांब. न्हावी बसलाय. मिशी गेल्यावर कोण ओळखतं?"

न्हाव्याने केस उतरवले, मिशी उतरवली. भाई नदीत बुडी मारून आले, तेव्हा शेजारच्या गावच्या सरपंचांनी त्यांनाच विचारलं, "भाई कुठं दिसत नाहीत?" मला धीर आला. भाईंनी केळीच्या पानावर पिंड ठेवला, हात जोडले, वर पाहिलं.

निंबावरून एक कर्कश हाक आली. मग दुसरी. मग सगळं झाड बोलू लागलं. पिंडाकडे कुणी बघेना. भाईंच्या डोक्यावर काळं छत्र धरल्यासारखे कावळे घिरट्या घालत होते.

"मिशी नाही तरी ओळखलं!" भूपेशने माझं मनगट आवळलं. "सर, हे कुणी पाहिलं नसेल! डोळ्यांवरून ओळखतात की काय?"

"हळू बोल. नोकरी जातेय तुझी."

"हो, पण मिशी नव्हती सर!"

घाटावर कुजबुज सुरू झाली. भाईंची मावशी तुळशीबाई पुढे आली. वयाने वाकलेली, आवाजाने नाही. "रतिलाल, तुन्ही मायना जीव कशामा तरी अडकेल शे. शब्द दे."

भाई म्हणाले, "माय, तुझ्या नावाने गोठा बांधतो."

कावळे ओरडले.

"धाकट्या बहिणीला वाटणी देतो."

मागे बसलेली बहीण ताठ झाली. कावळे आणखी ओरडले.

"वाटणीत केळीचा मळा देतो!"

एक कावळा खाली झेपावला, पण भाईंच्या टकलावर. गुरुजींनी दर्भाचा कावळा करायचं सुचवलं. नवनीतभाई मान हलवत म्हणाले, "गवताचा कावळा? आमच्या घरी नाही लागला कधी." भाईंनी गुरुजींचा हात बाजूला सारला. गवताच्या कावळ्यावर निवडणूक लढवता येत नाही, हे त्यांना कळत होतं.

मग लोकांना आठवू लागलं. जमनामाय कुणाला काय म्हणाली होती, ते भरभरून बाहेर येऊ लागलं.

"माय म्हणे, खालनी गल्लीले बोरनं पाणी दे!"

"देतो!"

"माय म्हणे, शाळाना पत्रा गयी ऱ्हायनात!"

"बदलतो!"

"मायचा जीव स्मशानाच्या रस्त्यातही असेल," नवनीतभाई म्हणाले.

"तो तुम्ही निवडून आल्यावर करणार होतात ना?" भाई ओरडले.

"आम्ही करणार होतो. पण जीव तुमच्या आईचा आहे."

"करतो!"

इतकी कामं या गावात एका सकाळी कधी मंजूर झाली नव्हती. लोक गुडघ्यावर उभे राहून बोलत होते, बायका एकमेकींना आठवण करून देत होत्या, कावळे थांबत नव्हते. इकडे भूपेश माझ्या हातातून निसटत होता.

"सर, मी सांगतो त्यांना. चेहरा झाकला की थांबतील. थांबलेच पाहिजेत!"

"अजिबात नाही. सांगितलंस की तुझ्यामुळे त्यांच्या आईचा दहावा बिघडला हे कळेल. मग काय कायम होशील?"

"पण कळेल तरी, सर!"

तो उठलाच. मला थांबवता येईना, म्हणून मलाही जमनामायची एक आठवण आली. मी हात वर केला आणि ओरडलो, "माय म्हणायची, कॉलेजातल्या पोरांना कायम करा! भूपेशचं तर नाव घ्यायची!"

आणि नेमकं त्याच क्षणी भूपेश ओरडला, "भाई, पंचा तोंडावर घ्या!"

भाई तेव्हा ज्या अवस्थेत होते, त्यात त्यांनी जे ऐकलं ते केलं. "करतो कायम!" म्हणाले आणि ओला पंचा डोक्यावरून तोंडावर ओढला.

कालवा विरत गेला. छत्र मोडलं, कावळे फांद्यांवर बसले. पायात कडं असलेला एक कावळा पाण्याच्या कडेला उतरला, तिरप्या उड्या मारत आला आणि त्याने पिंडात चोच घातली. पाठोपाठ तीन-चार आले. घाटाने सुटकेचा श्वास टाकला. तुळशीबाई रडली. नवनीतभाईंनी घड्याळ पाहिलं.

भूपेश मात्र खाली बसला नव्हता. त्याने सगळं सांगून टाकलं: जाळं, कडी, पुठ्ठ्याची मिशी. मी डोळे मिटून घेतले.

 पंच्याच्या आतून भाईंचा आवाज आला, आणि तो चिडलेला नव्हता; त्यात चक्क आशा होती.

"म्हणजे मास्तर, मायचा जीव कशात अडकलाच नव्हता? कावळा पंच्याने आला. माझ्या शब्दाने नाही. बरोबर?"

बहिणीने भूपेशकडे पाहिलं. खालच्या गल्लीने पाहिलं. सगळा घाट त्याच्या तोंडाकडे बघत होता. 'बरोबर' म्हटलं असतं तर गोठा, मळा, पाणी, पत्रे, रस्ता आणि त्याचं स्वतःचं पद, सगळं तापीत गेलं असतं. 'नाही' म्हटलं असतं तर फेब्रुवारीपासूनची मेहनत गेली असती. मला त्याच्या जागी असावंसं अजिबात वाटलं नाही.

"सांगता येणार नाही, भाई," तो म्हणाला. आणि ते खरं होतं, म्हणून त्याला कसलंच चोरट्यासारखं वाटत नव्हतं. "तुम्ही दोन्ही एकदम केलं. पंचाही घेतला, शब्दही दिला. आता कशाने झालं हे कुणालाच कळणार नाही."

"मग कळायचं कसं?"

"एकेक करून बघू!" भूपेशचे डोळे चमकले. "पंचा तसाच ठेवा, आणि शब्द मागे घ्या. कावळे तरीही खात राहिले, तर पंच्याने आले. उठून गेले, तर..." त्याने हात पसरले. "घ्या ना भाई. मोठ्याने घ्या. आत्ता लगेच!"

इतका प्रामाणिक आग्रह त्या घाटावर कुणी कधी केला नसेल.  कावळे भात खात होते.

"घे ना रे मांगे," तुळशीबाई डोळे पुसत म्हणाली. "मी आठेच बठेल शे. देखू मन्ही बहीण काय करस ते."

भाईंनी पंच्याची कड बोटभर वर केली, कावळ्यांकडे पाहिलं, मावशीकडे पाहिलं, नवनीतभाईंकडे पाहिलं. कड पुन्हा खाली आली.

"कायम म्हटलं म्हणजे कायम," ते म्हणाले. "सगळंच."

लोक उठून भाईंच्या पाया पडू लागले. बहीण भूपेशच्या पाया पडली. मी त्याचा खांदा धरून हलवला. "अरे, झालास की कायम!"

"पण प्रयोग अर्धा राहिला ना, सर!" तो खरोखर हळहळला, पण क्षणभरच. निंबाच्या खालच्या फांदीवर एक कावळ्याचं पोर बसलं होतं, चोचीच्या कोपऱ्यात अजून लाली असलेलं. "ते बघा! ते यंदाचं आहे. जाळं टाकलं तेव्हा अंड्यातही नव्हतं. त्याने भाईंना आज पहिल्यांदा पाहिलं सर, अगोदर आईकडे बघितलं, आणि मग ओरडलं. मी पाहिलं! आईचं बघून शिकलं ते!"

आणि माझा हात झटकून तो गर्दीत घुसला, पंच्याआड चाचपडत गाडीकडे निघालेल्या अध्यक्षांच्या मागे पळत.

"भाई! भाई, उद्या येता का पुन्हा? काही करायचं नाही, नुसतं झाडाखाली उभं राहायचं!"