ओझं उतरवताना

माघ सरता सरता मिठागरावर जे उतरते ते नुसते ऊन नव्हे. ती धवल, दाहक, कणाकणांची दीप्ती. चौकोनाचौकोनांत अडवलेले खाडीचे पाणी आकाशाला आपल्या अंगणात निजवते. आणि त्या दोन आकाशांमधून, पावलाएवढ्या बांधावरून, बायकांची रांग चालते. डोईवर चुंबळ, चुंबळीवर पाटी, पाटीत ओले, शुभ्र, ठिबकते मीठ.

त्या रांगेतली चांगुणा म्हणजे चालती समई. मान अचल, पाऊल निःशंक.

एका पहाटे तिने अंथरुणात कूस बदलली आणि छप्पर फिरले. घर फिरले की वासेही फिरतात म्हणतात. इथे खरोखरच फिरले. क्षणभरच. मग सारे जागच्या जागी, साक्षीला फक्त घशाशी आलेली मळमळ.

पुढे ते रोजचेच झाले. निजताना गरगर, उठताना गरगर, वर पाहताना गरगर. राशीवर पाटी रिती करायला वाकली, आणि मिठासकट मिठात कोसळली.

"बरी हो, मंग ये," मुकादम म्हणाला. जणू बरे होणे आठवडी बाजारात मिळते! रक्तदाबाची गोळी झाली, सलाइन झाले, दृष्ट काढून झाली. रांगेत तिच्या जागी दुसरीच पाटी चालू लागली. बांध गेला तर चांगुणेचे उरले काय? भिंतीला टेकून, बसल्या बसल्या डुलक्या घेणारी एक भेदरलेली बाई.

तिच्या सासूला, रांगेत तिच्या मागेच चालत आलेल्या पदीबाईला, मात्र एक गोष्ट दिसली होती: डोक्यावर ओझे असले की सुनेला काहीच होत नाही.

"अगो, वजनच दाबून धरतं तुझी चक्कर," म्हातारी म्हणाली, आणि सुनेच्या डोईवर चुंबळ, चुंबळीवर पाटी, पाटीत वरवंटा. पाणी आणताना वरवंटा, दारात बसताना वरवंटा, शेजारणींशी बोलताना वरवंटा!

तशीच, वरवंट्यासकट, चांगुणा सासूसोबत तालुक्याला कानाच्या डॉक्टरांकडे गेली. बाकावरच्या बायांनी तोंडाला पदर लावले.

डॉक्टर अमिना परकार हसल्या नाहीत. "ओझं असताना फिरत नाही? मग कधी फिरतं, ताई?"

"उतरवताना. निजताना. वर बघताना."

"म्हणजे मान हलली की. ओझ्याखाली तुमची मान हलतच नाही."

"मंग मी येगलं काय बोलत होते?" पदीबाई विजयी मुद्रेने म्हणाली.

डॉक्टरांनी समजावले: कानाच्या खोल गाभाऱ्यात तोल राखणाऱ्या इवल्या नळ्या असतात. शेजारचे चुन्याचे सूक्ष्म कण जागा सोडून त्या नळीत शिरले, की मान कलताच घरंगळतात. आणि देहाला खोटीच वर्दी जाते, जग फिरतंय.

"चुना सापडला," चांगुणा पुटपुटली. "आता पान-सुपारीपन बघा, हाय का आत."

आता मात्र डॉक्टर हसल्या. मग म्हणाल्या, "मी तुम्हाला मागे पाडणार आहे. घाबरा, पण डोळे मिटू नका. मान माझ्या हातात आहे."

जिची भीती, तेच औषध! उजवीकडे वळवलेली मान, मागे झोकलेला देह, पलंगाच्या कडेखाली ओथंबलेले मस्तक. आणि आला तो भोवरा, घननिळा, घोंघावता, गरगरता. बुबुळे जाळ्यातल्या बोयी माशासारखी तडफडली. "हाच तो कान," डॉक्टर ती बुबुळे निरखत हळूच म्हणाल्या.

भोवरा निवला. मग ती मान, संथपणे, डावीकडे. मग सारा देह कुशीवर, नजर जमिनीकडे. मग उठून बसणे. चुकलेल्या गुरांना हाका घालत, वळणावळणाने गोठ्यात आणावे, तसे ते कण आले आपल्या घरी.

"परत आलेच, तर परत घालवू," डॉक्टर म्हणाल्या. एवढेच. पण त्या रात्री चांगुणा आडवी निजली, पुरती आडवी, नदीसारखी.

आणि मग पुन्हा बांध. राशीपाशी सगळ्या जणी थबकल्या. मुकादमाने विडी विझवली. चांगुणा वाकली. पाटी रिती झाली, मीठ खळाळले, ती सरळ झाली. आणि तिने मुद्दाम, हट्टाने, तोंड वर केले.

वरून रोहित पक्ष्यांचा थवा चालला होता.

"वर काय बघतेस गो? पाटी भर!" मागून पदीबाई.

तिने ऐकले नाही. थव्यासोबत मान वळवत राहिली, या क्षितिजापासून त्या क्षितिजापर्यंत. पंख फिरले, थवा फिरला, आभाळभर गुलाबी रेघ फिरली; आणि खाली, शुभ्र राशीपाशी, चांगुणा उभी होती. उभीच होती.