‘अनटिल’च्या अकरा चिठ्ठ्या

चिठ्ठीबाईंनी अकरावी चिठ्ठी टेबलावर ठेवली आणि चष्मा काढून पुसला. चष्मा स्वच्छच होता. समोर उभ्या असलेल्या साहेबांच्या तोंडाकडे बघायचं नव्हतं, म्हणून हाताला काहीतरी काम दिलं, एवढंच.

“अकराच्या अकरा,” साहेब म्हणाले. “एकीचाही उगम सापडत नाही. कॉम्प्युटरनं तीन वेळा शोधलं. मी स्वतः कपाटं पालथी घातली.”

“दिसतंय.”

“आणि आद्याक्षरं तुमची आहेत, बाई.”

तीही दिसत होती. चिठ्ठीच्या उजव्या कोपऱ्यात, अगदी नेमकी.

शब्दकोशाच्या या कचेरीत एक नियम होता आणि तो कोशाच्या पहिल्या संपादकांनी, मोठ्या सरांनी, घातलेला होता. इंग्रजी शब्दाचा अर्थ आपल्या भाषेत द्यायचा आणि तो वापरायचा कसा हे दाखवायला खाली इंग्रजी वाक्यं द्यायची. पण वाक्य मनानं रचायचं नाही. कुणीतरी कुठंतरी बोललेलं किंवा लिहिलेलं असलं पाहिजे. ते चिठ्ठीवर उतरवायचं, खाली आपली आद्याक्षरं घालायची आणि कुठून घेतलं ते रजिस्टरात नोंदवायचं. रचलेलं वाक्य म्हणजे प्लॅस्टिकचा आंबा, असं मोठे सर म्हणत. एका एम. ए. झालेल्या पोरीनं ‘मांजर चटईवर बसलं आहे’ असं वाक्य आणलं, तर कुणाचं मांजर, कुठली चटई, असं विचारून त्यांनी तिला रडवलं होतं.

आता एकतीस वर्षांनी कोशाची दुसरी आवृत्ती निघत होती. जुनं रजिस्टर कॉम्प्युटरात चढवताना ‘अनटिल’ या शब्दापाशी गाडी अडली. ‘गुरुवारपर्यंत आम्ही काहीच सांगू शकत नाही,’ हे वाक्य म्हणे एका बोटीच्या कप्तानाच्या डायरीतलं. असली डायरी कचेरीत कधी आलेलीच नव्हती. ‘दोन किलो भरेपर्यंत इथून काही हलणार नाही,’ हे म्हणे एका फळबागायतदाराच्या पत्रातलं. ते पत्रही नाही आणि तो बागायतदारही नाही.

“सोमवारी पानं छपाईला जातात,” साहेब म्हणाले. माणूस वाईट नव्हता. अवघडल्यासारखा उभा होता. “समितीचं म्हणणं असं, की ज्यांच्या नोंदी खोट्या निघतील त्यांचं नाव पहिल्या पानावर जाणार नाही. तुम्ही चार महिन्यांनी निवृत्त होणार. मला बरं वाटत नाही हे. काही खुलासा असेल तर लिहून द्या.”

ते गेले आणि चिठ्ठीबाईंनी चष्मा चढवून पुन्हा एकदा बघितलं. अक्षर त्यांच्यासारखं होतं, पण त्यांचं नव्हतं. कुणीतरी त्यांच्या अक्षराची नक्कल मोठ्या चिकाटीनं केली होती. फक्त ‘टी’वरची आडवी रेघ तिरकी होऊन वर चढली होती. ती तशी चढवणारा हात कचेरीत एकच होता. त्याच हातानं बाईंच्या कच्च्या खर्ड्यांवर वर्षानुवर्षं लाल शाईच्या फुल्या मारल्या होत्या.

मग त्यांनी चिठ्ठ्या उलटवून तारखा बघितल्या आणि खुर्चीत मागे रेलल्या.

त्या तारखांना चिठ्ठीबाई कचेरीत नव्हत्याच. नोकरीला लागून जेमतेम दोन महिने झाले होते, तीही हंगामी. हंगामी माणसानं महिन्याला एक मोठा शब्द पुरा करून द्यायचा. दिला तर राहायचं, नाही तर घरी जायचं. त्यांच्या वाट्याला ‘अनटिल’ आला आणि दुसऱ्याच दिवशी, सातव्या महिन्यातच, पोट दुखायला लागलं. मुलगी झाली ती ओंजळीत मावेल एवढी. सदतीस दिवस काचेच्या पेटीत होती. त्या दिवसांत नोकरीबिकरी कुणाच्या डोक्यात होती? कचेरीत निरोप धाडायचंही सुचलं नाही. अडतिसाव्या दिवशी मुलीला घरी आणलं, तिला आजीच्या ताब्यात दिलं आणि दुसऱ्या आठवड्यात भीत भीत कचेरीची पायरी चढल्या. पाहतात तो टेबल जागच्या जागी आणि टेबलावर पुढचा शब्द ठेवलेला. मोठे सर मान वर न करता म्हणाले होते, “‘अप’ला अर्थ फार आहेत. लागा कामाला.”

बाईंना वाटलं, या कागदांच्या ढिगाऱ्यात आपण नव्हतो हे कुणाच्या ध्यानातच आलं नाही, आणि ‘अनटिल’ दुसऱ्या कुणाला तरी दिला. ही गोष्ट त्या एकतीस वर्षं सगळ्यांना सांगत आल्या होत्या, आणि शेवटी दर वेळी म्हणायच्या, माझं नशीबच बलवत्तर. आता कळलं, की नशीब वरच्या मजल्यावर बसून त्यांच्या अक्षराची नक्कल करत होतं.

ज्या माणसानं मांजराची चौकशी केली, त्यानं आपल्यासाठी अकरा वाक्यं रचली? बाईंना भरून आलं. खुलासा अगदी सोपा होता: हे अक्षर माझं नाही, मोठ्या सरांचं आहे. एका ओळीत नाव वाचलं असतं. पण सर शहाऐंशीचे होते आणि त्या कोशाखेरीज त्यांनी आयुष्यात दुसरं काही केलेलं नव्हतं.

रविवारी सकाळी मुलीनं त्यांना स्कूटरवर सरांकडे सोडलं.

“मी येऊ वर?”

“नको. माणूस तिरसट आहे. त्यांना आल्यागेल्याचं वावडं. ऑफिसातसुद्धा घरच्यांना आणायला बंदी होती.”

“मग मी गाडीत हवा भरून येते. लवकर आटप हं आई, नाही तर तिथंच शब्द मोजत बसशील.”

सर खिडकीशी बसले होते. गुडघ्यावर शाल होती आणि हातात भिंग. बाईंनी वाटेत ठरवलं होतं: आभार मानायचे आणि निघायचं. कागदावर खुलासा लिहायचा नाही. नाव गेलं तर गेलं. पण सरांपुढं बसल्यावर ठरवलेलं कधी निभावलंय? एकदोन वाक्यांतच सगळं बाहेर पडलं. अकरा चिठ्ठ्या, कॉम्प्युटर, समिती, सोमवार.

“सर, तुम्ही माझ्यासाठी नियम मोडलात,” बाई म्हणाल्या. “मी कुणाला सांगणार नाही. पण माझी नोकरी राहिली, पोरीचं शिक्षण झालं, आमचं घर उभं राहिलं, ते तुमच्या त्या खोट्या वाक्यांवर. एवढं बोलायलाच आलेय.”

सरांनी भिंग खाली ठेवलं.

“खोटी?”

“म्हणजे... रचलेली.”

“मी जन्मात एकही वाक्य रचलेलं नाही,” सर म्हणाले. आवाज म्हातारा झाला होता, पण धार तीच होती. “कागद काढ. पेन आहे? लिही. एक नंबर.”

बाईंनी मुकाट्यानं कागद काढला.

“‘पाच वाजेपर्यंत कुणालाही आत सोडलं जाणार नाही.’ बाळंतपणाच्या हॉस्पिटलचं फाटक, डाव्या खांबावरची पाटी. तिथं सगळं इंग्रजीतच लिहायचे. दोन नंबर, ‘गुरुवारपर्यंत आम्ही काहीच सांगू शकत नाही.’ हे मुलांच्या डॉक्टरांनी मला जिन्यात सांगितलं. तीन, ‘पेटीवरचा दिवा विझेपर्यंत काळजी नको.’ मेट्रन. बाई कडक होती, पण इंग्रजी फार सुरेख.”

बाईंचं पेन थांबलं होतं.

“लिहीत का नाहीस?”

“तुम्ही तिथं येत होतात?”

“रोज. तू आली नाहीस म्हणून घरी शिपाई धाडला, त्यानं येऊन सांगितलं. ऑफिस सुटलं की वाटेवरच होतं ते हॉस्पिटल. आत यायचा माझा काही संबंध नव्हता, म्हणून फाटकावर विचारायचो. वॉचमन ओळखीचा झाला होता. मला आजोबाच समजायचा. मीही कशाला सांगतोय.” सरांनी शाल सारखी केली. “शब्द तुला दिलेला होता. तो दुसऱ्याला दिला असता तर तुझी जागा गेली असती. आणि ‘अनटिल’ शिकायला त्या फाटकाइतकी चांगली जागा नाही, बरं का. सगळे तेवढंच बोलत असतात. इंग्रजीत म्हणतात, ती बरी होईपर्यंत थांबू. आपण म्हणतो, बरी होत नाही तोवर हलणार नाही. त्यांच्या ‘अनटिल’ला ‘नाही’ लागत नाही, आपल्या ‘तोवर’ला लागतं. हे मला तिथं नीट उमगलं. चार नंबर घे.”

चार नंबर होता, ‘ती परत येईपर्यंत हे टेबल कुणालाही देऊ नये.’ तो सरांनी स्वतः व्यवस्थापकांना लिहिलेल्या चिठ्ठीतला होता. पाच आणि सहा पुन्हा डॉक्टरांचे. सातवा बागायतदाराचा.

“‘दोन किलो भरेपर्यंत इथून काही हलणार नाही,’” सर म्हणाले. “मेट्रन. मी विचारलं होतं, घरी कधी सोडणार म्हणून.”

बाईंनी तेही लिहिलं. अक्षर वेडंवाकडं होत होतं. अकराही उगम सरांनी एका दमात सांगितले, तारखांसकट. मग कागद ओढून घेतला आणि खाली सावकाश सही केली.

“सर, तुम्ही सही कशाला?”

“वाक्यं खरी, उगम खोटे. हॉस्पिटल लिहिलं असतं तर तू गैरहजर होतीस हे उघडं पडलं असतं, म्हणून कप्तान आणि बागायतदार घातले. ते मात्र मी रचले. तो गुन्हा माझा. समितीला माझं नाव काढायचं असेल तर काढू दे.”

“तुमचं नाव काढून कोश निघणार?”

“का नाही? त्यात शब्द आहेत ना?”

बाईंनी कागद परत घेतला आणि सरांच्या सहीखाली लिहिलं, ‘त्या सदतीस दिवसांत मी कामावर नव्हते. या चिठ्ठ्या सरांच्या आहेत.’ आणि आपलं पूर्ण नाव घातलं. आता समितीला काढायचं तर दोघांचंही काढावं लागलं असतं. सरांनी भिंगातून ते वाचलं. लाल शाईची फुली मारली नाही.

जिन्यावर पावलं वाजली. मुलगी हेल्मेट हातात घेऊन दारात उभी होती.

“आई, अगं तुझा फोन बंद आहे. अर्धा तास खाली उभी आहे मी.” मग तिचं लक्ष सरांकडे गेलं. “सॉरी हं. आत आले.”

सर तिच्याकडे बघत राहिले. शाल बाजूला सारून त्यांनी खुर्चीच्या हातावर जोर दिला आणि उठायला लागले. बाई धरायला पुढं झाल्या, तर त्यांनी हातानंच थांबवलं. शहाऐंशी वर्षांचा तो माणूस, ज्यानं मंत्री आले तरी खुर्ची सोडली नव्हती, उठून उभा राहिला.

“एक किलो ऐंशी ग्रॅम,” ते मुलीला म्हणाले. “तिसऱ्या दिवशी एक किलो वीस. उतरलं होतं. त्या दिवशी मी जेवलो नाही.”

मुलीला काही कळेना. तिनं आईकडे बघितलं. आईच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचीही तिला शुद्ध नव्हती.

“आजोबा, बसा ना तुम्ही,” मुलगी म्हणाली आणि त्यांचा हात धरला.

सर बसले. हात मात्र त्यांनी सोडला नाही. तो उलटा करून ते तिची बोटं निरखत राहिले, एकेक, सावकाश, भिंगाशिवाय.